केन बर्न्सचे माहितीपट लिहितो कोण?

सप्टेंबर १९९०मध्ये अमेरिकेत पीबीएस या सार्वजनिक वाहिनीवर ‘द सिव्हिल वॉर’ ही नऊ भागांची मालिका लागली आणि सुमारे चार कोटी लोकांनी ती पाहिली. नाव झालं दिग्दर्शक केन बर्न्सचं. जुन्या छायाचित्रावरून कॅमेरा हळूहळू सरकवण्याच्या त्याच्या पद्धतीला पुढे संगणकाच्या सॉफ्टवेअरमध्येही त्याचंच नाव मिळालं. पण त्या चित्रांवर जे ऐकू येत होतं, ते लिहिणाऱ्या तिघांत खुद्द बर्न्स आणि त्याच्या भावाबरोबर जेफ्री सी. वॉर्ड होता. मग ‘बेसबॉल’, ‘जॅझ’, ‘द वॉर’, ‘द रूझवेल्ट्स’, ‘द व्हिएतनाम वॉर’. पस्तीस वर्षं अमेरिकी घराघरांत जो इतिहास पोचला, त्याचा मोठा वाटा या एका हातचा. पटकथाकाराच्या उपेक्षेबद्दल आपल्याकडेही अधूनमधून हळहळ व्यक्त होते. माहितीपटाच्या लेखकाला तेवढंही नशिबी नाही.

वॉर्ड मुळात टीव्हीचा माणूस नव्हे. वडील फोर्ड फाउंडेशनच्या कामासाठी भारतात आले, म्हणून त्याची शाळकरी वयातली काही वर्षं दिल्लीत गेली. पुढे तो ‘अमेरिकन हेरिटेज’ मासिकाचा संपादक झाला आणि फ्रँकलिन रूझवेल्टच्या पूर्वायुष्यावर त्याने दोन चरित्रग्रंथ लिहिले. दुसऱ्याला, म्हणजे ‘अ फर्स्ट-क्लास टेम्परमेंट’ला (१९८९), समीक्षकांच्या राष्ट्रीय संघटनेचा पुरस्कार मिळाला. एकेका माणसाचा माग काढण्याची चरित्रकाराची सवय संहितेत जागोजागी दिसते. ‘द सिव्हिल वॉर’मध्ये सेनापती येतात-जातात, पण ऱ्होड आयलंडचा एलिशा हंट ऱ्होड्स आणि टेनेसीचा सॅम वॉटकिन्स हे दोन बाजूंचे दोन शिपाई आपल्याला पुन्हा पुन्हा भेटत राहतात. हे कसब कादंबरीकाराचं आहे.

पहिल्या भागाचा शेवट बघा. मेजर सुलिव्हन बॅलूने १४ जुलै १८६१ रोजी पत्नी सारा हिला लिहिलेलं पत्र वाचलं जातं, मागे व्हायोलिन वाजत असतं. पत्र संपल्यावर निवेदक एकच वाक्य बोलतो: आठवड्याने बुल रनच्या पहिल्या लढाईत बॅलू मारला गेला. विशेषण नाही, हळहळ नाही. पाणावलेल्या डोळ्यांच्या प्रेक्षकाला त्या क्षणी आणखी काही सांगणं हा अडाणीपणा ठरला असता. संयम म्हणून हे वाक्य अव्वल आहे. इतिहास म्हणून मात्र ते किंचित घसरतं. बॅलू २१ जुलैच्या लढाईत जबर जखमी झाला आणि आणखी आठवडाभराने गेला. शिवाय पत्राला पडद्यासाठी कात्री लागली होती, आणि ज्या सुरावटीला लोक यादवी युद्धाच्या काळातली समजले ती १९८२ सालची आहे. यातली एकेक तडजोड क्षुल्लकच. पण सगळ्या एकाच दिशेने जातात, परिणामाकडे.

ब्रिटिश पद्धत वेगळी. केनेथ क्लार्क किंवा सायमन शामा स्वतः लिहून स्वतःच कॅमेऱ्यासमोर उभे राहतात, त्यामुळे त्यांचं मत हे त्यांचं मत म्हणूनच ऐकू येतं. वॉर्डची वाक्यं बोलतो डेव्हिड मॅकलॉ किंवा पीटर कोयोटी यांच्यासारखा निवेदक. आवाज दमदार, शांत, बिनचेहऱ्याचा; त्यामुळे मतालाही वस्तुस्थितीचं वजन येतं. ‘द सिव्हिल वॉर’वर इतिहासकारांनी घेतलेला मोठा आक्षेप वेगळा, पण याच्या शेजारचाच होता. गोष्टीवेल्हाळ लेखक शेल्बी फूट पडद्यावर भरपूर वेळ बोलतो, आणि गुलामगिरी हाच या युद्धाचा गाभा असल्याचं ठणकावणाऱ्या इतिहासकार बार्बरा फील्ड्स यांच्या वाट्याला त्यामानाने थोडकं येतं. कोणाला किती वेळ द्यायचा हे संकलनाच्या टेबलावर ठरतं, सगळं खापर लेखकावर फोडता येणार नाही. पण त्यामुळे युद्धाला जी भाऊबंदकीची हळवी कळा आली, तिला निवेदनानेही फारसा अटकाव केला नाही.

‘द व्हिएतनाम वॉर’मध्ये (२०१७, दहा भाग, अठरा तास) तर मत वस्तुस्थितीसारखं मांडण्याचा दोष आरंभीच उघडा पडतो. भल्या माणसांनी प्रामाणिक हेतूने हे युद्ध सुरू केलं, असं निवेदन सुरुवातीलाच सांगून मोकळं होतं. त्यावर टीकेची झोड उठली, आणि ती रास्त होती. गंमत अशी, की पुढचे तास हेच विधान पोखरत जातात. टोंकिनच्या आखातातला न झालेला हल्ला येतो, जॉन्सन-निक्सन यांच्या ध्वनिफिती येतात, उत्तर व्हिएतनामचे सैनिक स्वतः बोलतात. पुरावे गोळा करणारा वॉर्ड निष्कर्ष काढणाऱ्या वॉर्डपेक्षा कितीतरी धीट आहे.

माझ्या मते त्याचं सर्वोत्तम काम ‘द रूझवेल्ट्स’ (२०१४). लहानपणी स्वतःला पोलिओ झालेला हा लेखक इथे कॅमेऱ्यासमोर येतो आणि फ्रँकलिनच्या आजाराबद्दल बोलताना त्याचा आवाज कापतो. त्या मालिकेत तरी लिहिणारा कोण, कुठे उभा आहे, हे आपल्याला कळतं.

नोव्हेंबर २०२५मध्ये आलेल्या ‘द अमेरिकन रेव्होल्यूशन’ला (सहा भाग, बारा तास) छायाचित्रांचा आधारच नव्हता, त्या काळी कॅमेरा नव्हता. चित्रं, नकाशे आणि दुरून टिपलेले वेशधारी सैनिक यांवर भागवताना सगळा भार शब्दांवर आला, आणि वॉर्डची संहिता तो पेलते. स्वातंत्र्याच्या गोष्टीत वॉशिंग्टनच्या मालकीचे गुलाम आणि मूळ रहिवाशांच्या बळकावलेल्या जमिनी ती आडपडदा न ठेवता आणते. पण त्याच वर्षी अमेरिकी काँग्रेसने सार्वजनिक प्रसारणाचा १.१ अब्ज डॉलरचा निधी काढून घेतला. व्हिएतनामवरच्या मालिकेला दहा वर्षं लागली होती. एवढा काळ कागदपत्रांत बसू देणारा पैसा तरुण लेखकांना यापुढे कोण देणार, याचं उत्तर स्ट्रीमिंग कंपन्यांकडून मिळेल असं मला वाटत नाही.