फितीची पुष्पिका : ‘राजा हरिश्चंद्र’च्या उपलब्ध रिळांसंबंधी

दादासाहेब फाळके यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ हा चित्रपट ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन चित्रपटगृहात लोकांसमोर आला. मूळ चित्रपट चार रिळांचा होता. त्या नावाने आज पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहात पहिले व शेवटचे अशी दोनच रिळे आढळतात. ही रिळे १९१३ ची, की फाळके यांनी त्याच कथेवर १९१७ साली पुन्हा काढलेल्या ‘सत्यवादी राजा हरिश्चंद्र’ची, याविषयी अभ्यासकांत मतभेद आहे. असे असूनही अनुबोधपटांत व दूरचित्रवाणीवर हीच दृश्ये ‘पहिला भारतीय चित्रपट, १९१३’ अशा मथळ्याखाली निःशंकपणे दाखविली जातात. आमचा आक्षेप आहे तो या निःशंकतेवर.

पोथीच्या संशोधकास हा प्रश्न नवा नाही. एकनाथांनी शके १५०६ मध्ये ज्ञानेश्वरीचा पाठ शुद्ध केला. तेव्हापासून हाती आलेली प्रत एकनाथपूर्व की एकनाथोत्तर, हे ठरविल्यावाचून कोणी भाषाभ्यासक तिच्यातील रूपे तेराव्या शतकाची म्हणून उद्धृत करीत नाही. लेखनकाल सांगणारी पुष्पिका नसेल, तर अक्षरवळण, कागद आणि पाठभेद यांची साक्ष काढावी लागते. फितीचेही तसेच आहे. शीर्षकपट्ट्यांची भाषा व लिपी, नटांचे चेहरे, फितीच्या कडेवरील कारखान्याची खूण ही तिची अंतर्गत साक्ष होय. परंतु कडेची खूण नकलेत उतरतेच असे नाही. नायट्रेटची फीत ज्वालाग्राही असते. २००३ च्या जानेवारीत पुण्यात लागलेल्या आगीत अशा अनेक जुन्या फिती भस्मसात झाल्या. नक्कल उरली म्हणजे दृश्य उरले. साक्ष मात्र सर्वच उरते असे नव्हे.

१९६४ साली स्थापन झालेल्या या संग्रहासाठी पी. के. नायर यांनी आयुष्य वेचले नसते, तर वादासाठीही काही शिल्लक राहिले नसते, हे कृतज्ञतेने नमूद केले पाहिजे. दोष जतन करणाऱ्यांचा नाही. उसने घेऊन मूळ न सांगणाऱ्यांचा आहे.

सामान्य प्रेक्षकास या चिकित्सेचे काय प्रयोजन, असे कोणी विचारील. आमच्या मते त्यालाच ते अधिक आहे. मुंबई-पुण्याचा अभ्यासक संग्रहात जाऊन पडताळा घेऊ शकतो. जालना जिल्ह्यातील केदारखेड्याच्या विद्यार्थ्यास पडद्यावरील मथळा हाच एकमेव पुरावा असतो. तो मथळा वहीत उतरतो, वहीतून उत्तरपत्रिकेत, आणि कालांतराने तोच इतिहास होऊन बसतो.

यावर उपाय खर्चाचा नाही. दृश्याखाली ‘१९१३ किंवा १९१७, कालनिश्चिती वादग्रस्त’ एवढी एक ओळ पुरे. फाळके यांच्या कर्तृत्वास तिने उणेपणा येत नाही. आपल्या साक्षेपास मात्र तिच्या अभावी येतो.