वीरा साथीदार : एका भूमिकेचा पुनर्विचार

चैतन्य ताम्हाणे दिग्दर्शित ‘कोर्ट’ या चित्रपटाची चर्चा दिग्दर्शन आणि न्यायव्यवस्थेचे चित्रण या अंगांनी पुष्कळ झाली. २०१४ मध्ये व्हेनिस महोत्सवाच्या ‘ओरिझोंती’ विभागातील सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा सन्मान, पुढे राष्ट्रीय पुरस्कार आणि ऑस्करसाठी भारताची अधिकृत प्रवेशिका असा त्याचा लौकिक आहे. त्यातील आरोपी शाहीर नारायण कांबळे साकारणारे वीरा साथीदार यांच्या वाट्याला मात्र बहुधा एकच अभिप्राय आला : त्यांनी अभिनय केलाच नाही, ते स्वतःच पडद्यावर वावरले. हा अभिप्राय गौरवाचा भासतो; प्रत्यक्षात तो नटाचे श्रेय नाकारणारा आहे.

साथीदार यांचे बालपण वर्ध्याजवळील परसोडीचे आणि पुढचे आयुष्य नागपुरातील जोगीनगर वस्तीशी जोडलेले. आंबेडकरी चळवळीतील कार्यकर्ते आणि ‘विद्रोही’ या नियतकालिकाचे संपादक हीच त्यांची विदर्भातील ओळख होती. म्हणजे त्यांचे साधन लेखणी आणि सभा हे होते. कांबळेचे साधन डफ आणि गळा. चित्रपटातील गाणी संभाजी भगत यांची आहेत. विचारांचे नाते जवळचे असले, तरी शाहिराचे मंचावरील शरीर, त्याचा आवेश, श्रोत्यांवरील पकड हे सारे संपादकाला आपसूक लाभत नाही. ते कमवावे लागते. ‘स्वतःच वावरले’ असे म्हणताना हा फरक पुसला जातो. दलित कलावंताच्या बाबतीत तो सहज पुसला जातो, हेही येथे नोंदवणे आवश्यक आहे. कसलेल्या व्यावसायिक नटाने हीच भूमिका केली असती, तर तिची मेहनत निःसंशय मोजली गेली असती.

मेहनतीचा खरा पुरावा मंचावर नसून न्यायालयात आहे. सफाई कामगार वासुदेव पवार याला गाण्यातून आत्महत्येस प्रवृत्त केले, असा कांबळेवर आरोप आहे. ताम्हाणे यांचा कॅमेरा बहुतेक वेळ स्थिर राहतो. चौकटीत वकील, न्यायाधीश, कारकून दाटीने असतात. बाही नसलेला पोशाख केला म्हणून एका स्त्रीच्या प्रकरणाची सुनावणीच पुढे ढकलली जाते, इतके तेथील कामकाज नेहमीचे आणि निर्विकार आहे. या गर्दीत साथीदार जवळजवळ काहीच करीत नाहीत. उत्तरे तोकडी, स्वर सपाट. संताप नाही, याचनाही नाही. गाण्याच्या वेळी पेटून उठणारा हाच मनुष्य असावा याचे प्रेक्षकाला नवल वाटते आणि ते वाटणे हेच या अभिनयाचे यश होय.

चित्रपटाची एक बाजू मात्र खटकते. बचाव पक्षाचा वकील, सरकारी वकील नूतन आणि न्यायाधीश सदावर्ते या तिघांच्याही खासगी जीवनात कॅमेरा शिरतो : वाणसामान, स्वयंपाकघर, नाटकाचा प्रयोग, सहलीचे ठिकाण. कांबळे आरंभी मुलांची शिकवणी घेताना दिसतो. त्या खोलीत चित्रपट पुन्हा परतत नाही. न्यायसंस्था आरोपीकडे जशी पाहते तसेच दिग्दर्शक पाहतो, असे समर्थन करता येईल आणि ते अगदीच निराधार नाही. तथापि मृत कामगाराच्या पत्नीच्या भूमिकेतील उषा बाने यांचाही सहभाग अशाच मोजक्या प्रसंगांपुरता राहतो, तेव्हा घर कोणाला मिळते आणि कोणाला नाही, हा प्रश्न शिल्लक उरतो. ही पोकळी साथीदार केवळ आपल्या चेहऱ्याने भरून काढतात.

१३ एप्रिल २०२१ रोजी नागपूरच्या मिहान भागातील एम्स रुग्णालयात कोविडने त्यांचे निधन झाले. मे २०२५ मध्ये विदर्भ साहित्य संघात त्यांच्या स्मृतिप्रीत्यर्थ कार्यक्रम झाला. तेथे फैज अहमद फैज यांची नज्म गायली गेली आणि त्यावरून सीताबर्डी पोलिसांनी आयोजकांविरुद्ध गुन्हा नोंदवला. कांबळेवर भारतीय दंड संहितेतील आत्महत्येस प्रवृत्त करण्याचे कलम होते. येथे भारतीय न्याय संहितेच्या कलम १५२ चाही समावेश होता.