मेघपेटीतील माग : अकबर पदमसी यांचे दोन चित्रपट

अकबर पदमसी (१९२८–२०२०) यांच्या चित्रपटांची चर्चा बहुधा ‘चित्रकाराने केलेला प्रयोग’ या वर्णनापाशी थांबते. १९६९ मध्ये नेहरू शिष्यवृत्ती मिळाल्यावर त्यांनी मुंबईत ‘व्हिजन एक्स्चेंज वर्कशॉप’ सुरू केले आणि तेथे सोळा मिलिमीटरच्या फिल्मवर दोन लघुपट घडवले. त्यांना रंगफलकाचा विस्तार मानले की चौकट, प्रकाश आणि फिल्मची पट्टी हे माध्यमाचे घटकच नजरेआड होतात.

‘सिझिजी’ हा कृष्णधवल मूकपट. एका सांख्यिक योजनेतून सिद्ध झालेली सुमारे हजार रेखाचित्रे राम मोहन यांच्या साहाय्याने सचेतित करण्यात आली. सेकंदाला २४ चौकटी या गतीने हजार चित्रे पाऊण मिनिटाच्या आतच संपतील. चित्रपट तर त्याहून कितीतरी दीर्घ आहे. याचा अर्थ असा की, त्यातील काळ कागदावर नाही. एखादी रेषा किती चौकटी धरून ठेवायची, या निर्णयातून तो निर्माण होतो. प्रत्येक चित्र सुटे पाहिले तर भूमितीची आकृती वाटावी. पडद्यावर मात्र रेषा जुळतात, फाकतात, अडखळतात. हे अडखळणे उणीव नव्हे. चौकट हे एकक आहे, याची जाणीव प्रेक्षकाला त्यातूनच होते.

तय्यब मेहता यांच्या ‘कूडल’ (१९७०) या फिल्म्स डिव्हिजनच्या लघुपटाशी तुलना केल्यास हे अधिक स्पष्ट होते. (दोन्ही शीर्षके संयोगवाचकच आहेत, हा योगायोग लक्षणीय खरा.) वांद्र्याच्या कत्तलखान्यातील जनावर मेहतांच्या कॅमेऱ्यासमोर प्रत्यक्ष उभे आहे, फिल्म त्या अस्तित्वाची साक्ष देते. ‘सिझिजी’मध्ये साक्ष देण्याजोगे बाह्य जग जवळजवळ नाहीच.

खरा पेच आहे तो ‘इव्हेंट्स इन अ क्लाउड चेंबर’ या दुसऱ्या चित्रपटाचा. स्वतःच्याच एका चित्रातील आकारांचे साचे करून त्यांवर रंगीत प्रकाश टाकण्याची पद्धत पदमसींनी येथे योजली. रंग येथे लेपला जात नाही, तो पडतो आणि सरतो. परंतु या चित्रपटाची एकमेव प्रत हरवली. पदार्थविज्ञानातील मेघपेटीत कण दिसत नाही, त्याच्या वाटेवर साकळलेल्या थेंबांचा माग तेवढा दिसतो. समीक्षेच्या हाती आज असा मागच उरला आहे.

आशीम अहलुवालिया यांनी २०१६ मध्ये वृद्ध पदमसींच्या सहभागाने याच नावाचा चित्रपट केला. त्याचे मोल निर्विवाद आहे; मात्र मूळ कृतीचे पर्यायी रूप म्हणून तो वाचणे सदोष होय. हरवलेल्या प्रतीतील प्रकाशाची तीव्रता, चौकटींची लय, रंगांचा क्रम यांविषयीची विधाने स्मरणावर उभी आहेत आणि स्मरण हे कलावंताचे असले तरी संहिता ठरत नाही. ‘सिझिजी’विषयी रूपबंधाची भाषा वापरता येते, ‘क्लाउड चेंबर’विषयी ती तशीच वापरणारे लेखन न पाहिलेल्या चित्रपटाचे विश्लेषण करीत असते.