बर्लिनचा पोवाडा आणि न लिहिलेली छक्कड

अण्णा भाऊ साठे यांच्या शाहिरीवर लिहिताना बहुतेक अभ्यासक 'स्टालिनग्राडचा पोवाडा' आणि 'बर्लिनचा पोवाडा' या दोन रचनांची नावे एका दमात घेतात. शाहिराची दृष्टी वाटेगावातून निघून थेट युरोपपर्यंत गेली, असे कौतुक करतात आणि पुढच्या मुद्द्याकडे वळतात. विरोधी मताचे अभ्यासक याच दोन नावांवरून त्यांना पक्षाचा शाहीर ठरवून मोकळे होतात. दोघेही रचनाप्रकाराकडे पाहत नाहीत. अण्णा भाऊंनी बर्लिनसाठी पोवाडाच का निवडला, आणि त्या निवडीमुळे काय दिसले व काय झाकले गेले, हा माझ्या मते खरा वाङ्मयीन प्रश्न आहे.

पोवाड्याला रण लागते. अगिनदासाचा अफझलखान वधाचा पोवाडा घ्या किंवा तुळसीदासाचा तानाजीचा. गड, चढाई, वीर, शेवटी निशाण. पोवाडा फक्त विजयाचाच असतो असे नाही, पानिपतावरही पोवाडे आहेत. पण हार असो वा जीत, लढाई हवी. 1665 च्या पुरंदरच्या तहात 23 किल्ले गेले, त्यांत कोंडाणाही होता. कोंडाणा परत घेतल्याचा पोवाडा आपण पिढ्यान्‌पिढ्या ऐकतो. तो ज्या तहात गेला त्या तहावर डफाची थाप पडत नाही. तह बैठकीत होतो, कागदावर होतो. झीलकऱ्याने 'जी जी' म्हणावे असे तिथे काही घडत नाही.

आता बर्लिन पाहा. 2 मे 1945 रोजी शहर लाल सेनेच्या हाती आले. ज्या सेनेने स्टालिनग्राडची वेढ्यातली लढाई जिंकली, तीच अडीच वर्षांच्या आत शत्रूच्या राजधानीत शिरली. 1944 मध्ये अमर शेख आणि द. ना. गवाणकर यांच्यासह लाल बावटा कलापथक उभे करणाऱ्या शाहिराला याहून मोठा गड कोणता मिळणार? गिरणगावच्या कामगारासमोर उभे राहून फॅसिझमचा पाडाव गाताना पोवाडा हाच प्रकार स्वाभाविक होता. त्यात खोटे काहीच नाही.

मात्र हा गड सर होण्याआधीच त्याची वाटणी ठरली होती. जर्मनीचे विभाग कसे पाडायचे आणि बर्लिन कसे वाटून घ्यायचे, याचा मसुदा लंडनमध्ये सप्टेंबर 1944 मध्येच तयार झाला. पुढच्याच महिन्यात मॉस्कोत चर्चिलने स्टालिनपुढे एक चिठोरे सरकवले : रुमानियात रशियाचा वाटा 90 टक्के, ग्रीसमध्ये ब्रिटनचा 90, युगोस्लाव्हिया आणि हंगेरी निम्मेनिम्मे. भाऊबंदकीत शेताचे बांध घालावेत तसा प्रकार. त्यानंतर फेब्रुवारी 1945 मध्ये याल्टा, आणि त्या उन्हाळ्यात पॉट्सडॅम. चर्चिलने चिठोऱ्याची हकीकत आठवणींत छापली ती 1953 मध्ये, म्हणजे 1945 च्या शाहिराला ती ठाऊक असण्याचे कारण नव्हते. दोष काढण्याचा प्रश्नच नाही. पण पोवाडा जिथे संपतो तिथून बर्लिनची खरी गोष्ट सुरू होते, हे वाचकाने ध्यानात घ्यायला हवे.

हे सगळे आम्हा मराठवाड्यातल्या लोकांना फार परके वाटू नये. ताडकळस तेव्हा निजामाच्या राज्यात होते. हैदराबादची तक्रार 16 सप्टेंबर 1948 रोजी पॅरिसमध्ये सुरक्षा परिषदेपुढे आली, दुसऱ्या दिवशी निजामाने शरणागती पत्करली. आणि ऑक्टोबरच्या आरंभी त्याच परिषदेपुढे, त्याच पॅरिसमध्ये, बर्लिनच्या कोंडीचा प्रश्न आला.

मग फाळणीचे, ताटातुटीचे गाणे अण्णा भाऊंना येत नव्हते का? उत्तम येत होते. 'माझी मैना गावावर राहिली' ही छक्कड त्याचा पुरावा आहे. मुंबईला पोटासाठी आलेला माणूस, गावी राहिलेली त्याची मैना, आणि शेवटी ती मैना म्हणजे मराठी मुलखाचा तोडलेला भाग. इथे गड नाही, निशाण नाही. नकाशावरची रेघ माणसाच्या अंगावरून कशी जाते ते विरहाच्या भाषेत येते. लावणीच्या कुळातला हा प्रकार त्यांनी सीमाप्रश्नासाठी वापरला, आणि मराठीत राजकीय विभाजनावर याच्या तोडीचे गीत शोधावे लागेल. बर्लिनला त्यांनी पोवाडा दिला, छक्कड दिली नाही. पाडाव त्यांना दिसला. पाडावानंतर एका शहराची आणि खंडाची झालेली ताटातूट त्यांच्या शाहिरीत आली नाही.

प्रसंग नव्हते असे नाही. 1 नोव्हेंबर 1956 रोजी परभणीसह मराठवाडा द्विभाषिक मुंबई राज्यात आला. 4 नोव्हेंबरला सोव्हिएत रणगाडे बुडापेस्टमध्ये शिरले. महाराष्ट्र भाषेच्या हक्कासाठी रस्त्यावर असतानाचा हा आठवडा आहे. अण्णा भाऊ रशियाला गेले ते 1961 मध्ये. त्याच वर्षी 13 ऑगस्टला बर्लिनमध्ये काटेरी तारा पडल्या आणि भिंत उभी राहू लागली. 'माझा रशियाचा प्रवास' मॉस्को, लेनिनग्राड, स्टालिनग्राड, बाकू, ताश्कंद असा फिरतो. या वाटेवर बर्लिन नाही. पाहुण्याच्या डोळ्यांनी लिहिलेले ते प्रवासवर्णन आहे, आणि उपाशी माणसाला भाकरीचा प्रश्न सुटलेला देश पाहायचा होता ही त्यामागची भूक खरी आहे. म्हणून मी त्याला प्रचार म्हणणार नाही. पण पोवाड्याचा उरलेला चौक त्यातही सापडत नाही.

यावर दुसऱ्या बाजूने बोट दाखवणाऱ्यांनीही जरा थांबावे. काँग्रेस फॉर कल्चरल फ्रीडम ही कम्युनिस्टविरोधी लेखक-विचारवंतांची संस्था जून 1950 मध्ये स्थापन झाली ती पश्चिम बर्लिनमध्येच. पुढच्याच वर्षी तिची परिषद मुंबईत भरली. प्रभाकर पाध्ये यांच्यासारखे व्यासंगी मराठी लेखक तिच्या कामात अनेक वर्षे होते. तिला सीआयएचा पैसा मिळत होता हे 1966-67 मध्ये उघड झाले. तेवढ्यावरून पाध्यांचे सौंदर्यशास्त्र मोडीत निघत नाही, तसाच रशियाच्या निमंत्रणावरून अण्णा भाऊंचा पोवाडाही. मराठी समीक्षेने मात्र कित्येक वर्षे एकाला एक माप लावले आणि दुसऱ्याला दुसरे. हीदेखील बर्लिनचीच वाटणी, पुण्या-मुंबईत पोहोचलेली.

अण्णा भाऊ जुलै 1969 मध्ये गेले. भिंत 9 नोव्हेंबर 1989 ला उघडली. बेळगावचा दावा 2004 पासून सर्वोच्च न्यायालयात आहे. शाहिरी कार्यक्रमांत आजही छक्कडीचीच फर्माईश होते. बर्लिनचा पोवाडा संग्रहात आहे, दुसऱ्या विभागात, छक्कडीपासून वेगळा छापलेला.