ड्यूर्नश्टाइनचा बंदी आणि त्याचे गीत

ऑस्ट्रियात मेल्क व क्रेम्स या गावांच्या दरम्यान डॅन्यूब नदी वाखाऊच्या डोंगरांतून वाट काढीत जाते. त्या खोऱ्यावर नजर ठेवून असलेला ड्यूर्नश्टाइनचा गड १६४५ साली स्वीडिश सैन्याने उद्ध्वस्त केला. आज तेथे केवळ अवशेष आहेत. परंतु या अवशेषांस रसिकांच्या मनात जे स्थान मिळाले, ते एका आख्यायिकेमुळे. धर्मयुद्धाहून परतणारा इंग्लंडचा राजा रिचर्ड ११९२ च्या डिसेंबरात ड्यूक लिओपोल्डच्या हाती सापडला व या गडावर बंदीत पडला. त्याचा निष्ठावंत गायक ब्लोंदेल गडोगड गात हिंडला आणि ओळखीच्या गीताचे पुढचे चरण बुरुजातून ऐकू येताच त्यास धनी सापडला, अशी ती कथा.

कथा गोड आहे, आणि तेवढीच पोकळ. तिचा पहिला आढळ सुमारे १२६० च्या एका फ्रेंच गद्यग्रंथात होतो. तेथे तर राजाच आधी गातो! पिकार्डीचा ब्लोंदेल नावाचा कवी होऊन गेला खरा. परंतु त्याचा रिचर्डशी संबंध दाखविणारा पुरावा नाही. शिवाय राजा पकडला गेल्याचे सम्राट सहाव्या हेन्रीने त्याच महिन्यात फ्रान्सच्या राजास पत्राने कळविले होते. मग शोध कशाचा? १७८४ साली ग्रेत्रीने या कथेवर संगीतिका रचली, आणि पुढे राज्यक्रांतीच्या धामधुमीत तिच्यातील एक पद राजनिष्ठांचे गीत होऊन बसले.

आमची तक्रार कथेच्या खोटेपणाबद्दल नाही. आख्यायिकेस तेवढी मुभा असतेच. तक्रार ही की, तिने राजाचे स्वतःचे गीत झाकून टाकले. रिचर्डने बंदिवासात रचलेले गीत जुन्या फ्रेंच व ऑक्सितान या दोन्ही भाषांत उपलब्ध आहे. त्यात दोन हिवाळ्यांच्या कैदेचा निर्देश आहे. ड्यूर्नश्टाइनचा मुक्काम काही आठवड्यांचाच. ११९३ च्या आरंभीच राजास सम्राटाच्या स्वाधीन करण्यात आले. तेव्हा हे गीत डॅन्यूबकाठचे नव्हे, जर्मन भूमीवरील पुढील कैदेतले मानणेच युक्त. त्यात बुरुज नाही, चांदणे नाही, सेवकाची निष्ठाही नाही. मित्र पुष्कळ आणि देणगी मात्र तोकडी, हे एकच शल्य कवी इंग्लंड, नॉर्मंडी, प्वातू व गॅस्कनी येथील आपल्या माणसांपुढे पुनःपुन्हा मांडतो. हिशेबाची ही कडू भाषा राजाच्या तोंडी येते, यातच गीताचे सामर्थ्य आहे असे आम्हांस वाटते.

तथापि त्याची दृष्टीही एका ठिकाणी अडते. दीड लाख मार्कांच्या खंडणीसाठी इंग्लंडात उत्पन्नाचा व जंगम मालमत्तेचा चौथा हिस्सा कर म्हणून मागण्यात आला. चर्चची सोन्याचांदीची पात्रे आणि सिस्टर्शियन मठांची वर्षभराची लोकर त्यात गेली. कृपण ठरलेल्या मित्रांची गीतास आठवण आहे. लोकर देणाऱ्या मठवासीयांची व कर भरणाऱ्या रयतेची नाही. लिओपोल्डने आपल्या वाट्यातून व्हीनर नॉयश्टाट हे नगर वसविले व व्हिएन्नाची तटबंदी वाढविली. इंग्लिश मेंढ्यांच्या लोकरीचे मोल अशा रीतीने ऑस्ट्रियाच्या दगडांत जाऊन बसले, हे ना ब्लोंदेलच्या कथेत येते, ना रिचर्डच्या गीतात.