केळापूर तालुक्याचा लोकेतिहास आणि कोलामी भाषा : साधनांची चिकित्सा

एखाद्या प्रदेशात कोण राहतात आणि ते कोणती भाषा बोलतात, हे दोन प्रश्न वरवर पाहता एकच वाटतात. परंतु ज्या प्रदेशात राज्यभाषा एक, बाजाराची भाषा दुसरी आणि घरातील भाषा तिसरी असते, तेथे पहिल्या प्रश्नाचे उत्तर दुसऱ्यास लागू पडत नाही. यवतमाळ जिल्ह्यातील केळापूर तालुका हा असा प्रदेश होय. पांढरकवडा हे त्याचे मुख्य ठिकाण. या तालुक्याविषयी गेल्या दीडशे वर्षांत जी साधने निर्माण झाली, त्यांत शिरगणती, सर्वेक्षणे आणि व्याकरणे अशा तिन्ही प्रकारांचा समावेश होतो. या साधनांनी कोलाम समाजाचे व त्याच्या भाषेचे जे चित्र उभे केले, ते कितपत विश्वसनीय आहे, याचा परामर्श घेणे हा प्रस्तुत लेखाचा उद्देश आहे.

प्रथम भूमीचा विचार करू. पूर्वेस वर्धा व दक्षिणेस पैनगंगा या नद्यांच्या कोनात वणी व केळापूर हा मुलूख वसलेला आहे. चांद्याच्या गोंड राजांची सत्ता येथे दीर्घकाळ होती. अठराव्या शतकाच्या मध्यास ती नागपूरकर भोसल्यांनी संपुष्टात आणली. १८५३ मध्ये वऱ्हाड निजामाकडून इंग्रजांच्या कारभाराखाली आले आणि पैनगंगेच्या दोन तीरांवर दोन राज्यव्यवस्था सुरू झाल्या. उत्तर तीरावरील मुलूख पुढे 'वणी' या नावाच्या जिल्ह्यात मोडू लागला. १९०५ पासून तो जिल्हा यवतमाळ म्हणून ओळखला जातो. १९५६ पर्यंत मध्य प्रदेश, नंतर द्विभाषिक मुंबई राज्य आणि १९६० पासून महाराष्ट्र, असा या तालुक्याचा प्रवास झाला. पैलतीरावरील आदिलाबाद मात्र हैदराबाद, आंध्र प्रदेश आणि २०१४ पासून तेलंगण अशा क्रमाने गेले. याचा परिणाम असा, की एकाच कोलाम समाजाच्या एका भागास मराठी शाळा मिळाली, तर दुसऱ्यास तेलुगू. नदी ही कोलामांची सीमा नव्हती. ती कागदोपत्री सीमा झाली.

स्वतःस 'कोलावर' म्हणविणारा हा समाज प्रायः मुख्य गावापासून दूर, 'पोड' नावाच्या लहान वस्तीत राहतो. पोडाचा कारभार नाईक, महाजन, घट्या असे मानकरी पाहतात. हा वस्तीचा प्रकार केवळ समाजशास्त्रीय कुतूहलाचा विषय नाही. भाषेच्या गणनेशी त्याचा निकट संबंध आहे, हे पुढे दिसून येईल.

आता साधनांकडे वळू. रसेल व हिरालाल यांच्या १९१६ च्या ग्रंथात कोलामांची संख्या सुमारे २५ हजार दिली असून त्यांतील बहुसंख्य वणी भागात राहतात, वर्धा व हैदराबादच्या लगतच्या प्रदेशापलीकडे ते कोठेही आढळत नाहीत, असे म्हटले आहे. हे वर्णन स्थूलमानाने योग्य असले तरी त्याची दृष्टी जातिवर्णनाची आहे. गोंडांशी कोलामांचे साधर्म्य दाखविताना रूढी व दैवते यांवर त्यात भर पडतो. भाषा हा स्वतंत्र पुरावा म्हणून तपासला जात नाही. ज्या समाजाचे वेगळेपण प्रामुख्याने भाषेतच आहे, त्याच्याविषयी ही उणीव लहान म्हणता येणार नाही.

ग्रियर्सन यांच्या संपादनाखालील भाषा-सर्वेक्षणाचा चौथा खंड १९०६ मध्ये प्रसिद्ध झाला. त्यातील द्राविड विभाग स्टेन कोनो यांनी लिहिला. त्यांची एक मोठी कामगिरी अशी, की त्यांनी नाव आणि भाषा यांची फारकत केली. पुसद भागातील ज्या बोलीस स्थानिक अधिकाऱ्यांनी 'भिली' असे नाव देऊन नमुने पाठविले होते, ती वस्तुतः कोलामीशी संबद्ध आहे, हे त्यांनी ओळखले. परंतु कोलामीचे कुल ठरविताना त्यांचा निर्णय डळमळला. भोवतालच्या गोंडीहून ती वेगळी. काही बाबतींत तेलुगूशी, तर काही बाबतींत कानडीशी जुळणारी. तेव्हा कोलाम हे एखाद्या जुन्या द्राविड जमातीचे अवशेष असावेत किंवा त्यांची मूळ भाषा द्राविड नसावी, असा पर्याय त्यांनी ठेवला.

हा दुसरा पर्याय टिकत नाही, आणि तो का टिकत नाही हे पाहणे उद्बोधक आहे. कोलामीत घरास 'एल्ला' म्हणतात. गोंडीत 'रोन' आहे, तेलुगूत 'इल्लु'. एवढ्यावरून कोलामी तेलुगूच्या जवळची वाटेल. परंतु विस्तवास कोलामीत 'किस्' म्हणतात, तोच शब्द गोंडीतही आहे. तेलुगूत मात्र 'निप्पु'. शब्दांची अशी वाटणी करीत बसल्यास निर्णय कधीच होणार नाही. लिंगव्यवस्था पाहिली म्हणजे चित्र पालटते. तेलुगूत एकवचनी पुरुष एकीकडे आणि स्त्री व वस्तू दुसरीकडे असतात. अनेकवचनात मात्र स्त्रिया पुरुषांच्या पंक्तीला येतात. कोलामीत दोन्ही वचनांत पुरुष वेगळे आणि स्त्रिया वस्तूंबरोबरच राहतात. अर्थात कोलामी ही तेलुगूची अपभ्रष्ट शाखा नव्हे. कोनो यांच्यापाशी जिल्हाधिकाऱ्यांमार्फत जमविलेले थोडे नमुने व शब्दसूची एवढीच सामग्री होती. त्यांचा गोंधळ हा भाषेतील गोंधळ नसून सामग्रीच्या अपुरेपणाचा परिणाम होता.

ही अडचण दोन व्याकरणांनी दूर केली. सेतुमाधवराव पगडी यांनी आदिलाबाद भागातील शासकीय सेवेत असताना गोंडी व कोलामी या भाषा आत्मसात केल्या. त्यांचे कोलामीचे व्याकरण १९५० मध्ये हैदराबादेत प्रसिद्ध झाले. महाराष्ट्रास पगडी इतिहासकार म्हणून परिचित आहेत. परंतु एका मराठी भाषकाने कारभाराच्या व्यापात एका अलिखित भाषेचे व्याकरण सिद्ध करावे, ही गोष्ट मराठी भाषाभ्यासाच्या इतिहासात आजवर पुरेशी नोंदली गेलेली नाही. १९५५ मध्ये एम. बी. एमेनो यांचा ग्रंथ आला. त्याचा मुख्य आधार १९३० नंतरच्या दशकात वर्धा जिल्ह्यात केलेले क्षेत्रकार्य हा असून पगडींच्या सामग्रीचाही त्यात उपयोग केला आहे. कोलामी, नाइकी, पर्जी व गदबा यांचा एक मध्यवर्ती द्राविड गट मानण्याचा मार्ग या अभ्यासामुळे आणि बरो व भट्टाचार्य यांच्या १९५३ च्या पर्जीवरील ग्रंथामुळे प्रशस्त झाला.

या दोन्ही ग्रंथांचे मोल निर्विवाद आहे. तथापि त्यांच्या भौगोलिक स्थानाकडे लक्ष वेधणे आवश्यक वाटते. एक व्याकरण कोलामी प्रदेशाच्या उत्तर कडेवरचे, दुसरे दक्षिण कडेवरचे. ज्या भागात कोलामांची वस्ती परंपरेने सर्वांत दाट आहे, तो केळापूर-वणीचा मध्यभाग या दोहोंच्या मधे राहून जातो. आधारभूत व्याकरणे कडेवरच्या बोलींची असल्यास परभाषांचा प्रभाव किती जुना व किती अलीकडचा, हे ठरविणे कठीण होते.

आता शिरगणतीचा विचार. येथे तीन वेगवेगळ्या गणना एकमेकींत मिसळल्या जातात. पहिली अनुसूचित जमातींची. १९५० च्या आदेशान्वये विदर्भात आदिवासींना ही मान्यता क्षेत्रमर्यादेसह होती; यवतमाळ जिल्ह्यात ती केळापूर, वणी व यवतमाळ या तीन तालुक्यांपुरती लागू होती. तालुक्याची शीव ओलांडली, की तोच माणूस जमातीच्या गणनेतून गळत असे. ही मर्यादा १९७६ च्या कायद्याने उठली. म्हणून १९७१ व १९८१ चे जिल्ह्याचे आकडे शेजारी ठेवून आदिवासींच्या 'वाढी'विषयी निष्कर्ष काढणे सयुक्तिक नाही. त्या वाढीतील काही भाग जन्मांचा नसून कायद्याचा आहे. दुसरी गोष्ट, महाराष्ट्राच्या सूचीत 'कोलाम' व 'मन्नेरवारलू' ही दोन नावे एकाच नोंदीत येतात. त्यामुळे त्या नोंदीचा आकडा केवळ कोलामांचा मानता येत नाही.

तिसरी गणना मातृभाषेची. २०११ च्या जनगणनेत कोलामी भाषकांची संख्या साऱ्या भारतात १,२८,४५१ एवढी आहे. १९७१ मध्ये ती ६६,८६८ होती. उलटपक्षी, २०११ मध्ये केवळ महाराष्ट्रातच कोलाम-मन्नेरवारलू या नोंदीखालील लोक १ लाख ९० हजारांहून अधिक होते. पहिल्या जोडीवरून भाषा वाढते आहे असे वाटते, दुसऱ्या तुलनेवरून ती सुटते आहे असे वाटते. दोन्ही अनुमाने घाईची आहेत. कोलामी कोणी सोडली, हे जाणण्यासाठी घरात आज कोणती भाषा चालते, हे विचारावे लागते. आपली जनगणना मातृभाषा व इतर ज्ञात भाषा विचारते, घरातील चालू भाषा विचारीत नाही. कॅनडातील न्यू ब्रन्सविक प्रांतात केंटसारखे बहुतांशी फ्रेंच भाषक ग्रामीण परगणे आहेत. तेथील जनगणना १९७१ पासून मातृभाषा आणि घरात वापरली जाणारी भाषा हे दोन स्वतंत्र प्रश्न विचारते. या दोन उत्तरांतील अंतर हेच भाषांतराचे, म्हणजे एक भाषा टाकून दुसरी स्वीकारण्याचे, माप होय. केळापूरसाठी असे माप उपलब्ध नाही.

यातच पोडाचा प्रश्न गुंतला आहे. पोडाची गणना बहुधा महसुली गावात होते. पोडातील शंभर माणसे कोलामी बोलत असली, तरी हजार वस्तीच्या गावाच्या तक्त्यात ती दहा टक्के ठरतात. भाषा जेथे सघन आहे तेथेच ती आकड्यांत विरळ दिसते. आणि शाळेचे माध्यम, पहिलीच्या वर्गातील पूरक पाठ, कोलामी जाणणाऱ्या शिक्षकाची नेमणूक, या साऱ्यांचे निर्णय गावाच्या तक्त्यावरून होतात. विदा चुकीची नसते. तिचे एकक चुकीचे असते, आणि त्याची किंमत पोडातून प्रथमच मराठी ऐकणारे मूल देते.

सारांश, कोलामांना 'अवशेष' म्हणणारी परंपरा पुराव्यापेक्षा पुराव्याच्या मांडणीतून जन्मली आहे. सव्वा लाखांहून अधिक भाषक असलेली, स्वतंत्र व्याकरण असलेली भाषा अवशेष नव्हे. केळापूर-वणी भागातील बोलीचे वर्णन, पोड हे एकक धरून केलेले भाषिक सर्वेक्षण, आणि घरातील भाषेची पिढीवार नोंद ही तीन कामे विद्यापीठीय संशोधनाच्या आवाक्यातील आहेत. पगडींनी ज्या कामास पैलतीरावरून आरंभ केला, ते ऐलतीरावर पुढे नेण्याचे उत्तरदायित्व मराठी विद्यापीठांचे आहे.