उपप्रकल्प आणि आक्रमकतेचे मूल्य
प्रस्थापित बँडमधील कलावंताचा उपप्रकल्प समीक्षेत सहसा दुय्यम लेखला जातो. मुंबईच्या 'डिमॉनिक रिझरेक्शन'चे साहिल माखिजा यांचा 'रेप्टिलियन डेथ' हा समज खोडून काढतो. मूळ बँडची ओळख ठरलेला की-बोर्डचा भव्य विस्तार वगळून 'द डॉन ऑफ कन्समेशन अँड इमर्जन्स' (२०१३) हा अल्बम डेथ मेटलची कठोर घडण स्वीकारतो. 'सेपल्टुरा'चे मॅक्स कॅव्हलेरा आणि अ‍ॅलेक्स न्यूपोर्ट यांच्या 'नेलबॉम्ब'ने 'पॉइंट ब्लँक'मध्ये (१९९४) याउलट भर घातली. इंडस्ट्रियल मेटलचे यंत्रवत ठेके व उसने ध्वनितुकडे तेथे अलंकरण राहत नाहीत. हिंसेतील यांत्रिकताच ते ऐकवतात. एकाने वगळले, दुसऱ्याने जोडले. तथापि मळलेली वाट दोघांनीही सोडली. आक्रमकतेचे मूल्य आवाजाच्या तीव्रतेवरून नव्हे, तर या निवडीवरून ठरते.